गुंजभर थारा

हुर्नच्या पठारावर घर बांधताना
आधी उंबऱ्याखाली गुंजभर थारा पुरतात,
मग भिंती.
उलटं केलं तर भिंती राहतात,
कुठे राहतील ते सांगता येत नाही.

दिसायला काही नाही त्यात.
ओल्या राखेच्या रंगाचा खडा,
चाटला तर चव लागत नाही,
फक्त जीभ आपलीच आहे एवढं कळतं.
नवव्या थरात, जिथे काजळीसुद्धा गोठते,
वर्षाकाठी चार तोळे निघतो.
तीन राजवाड्याला जातात.
तिथली कारंजी म्हणे दोनशे वर्षं एकाच थेंबावर थांबलीयत,
तरी राजाचं डोकं थाऱ्यावर आल्याचं ऐकिवात नाही.
उरल्या तोळ्याच्या शहाण्णव गुंजा,
म्हणून गावात घरं शहाण्णव.

मी एस्का, तोलारीण.
एकतीस वर्षं खाणीच्या तोंडाशी तराजू धरून बसले.
मापात पाप मला जमलंच नसतं,
थारा पारड्यात असला की काटा खोटं बोलत नाही,
तोलारणीलाही बोलू देत नाही.
पण नखांत अडकलेली भुकटी कुणी तोलत नाही.
रोज रात्री काडीने नखं कोरून
ती हाडाच्या डबीत झटकत आले,
जसे दोरीचे तुकडे ठेवतो, तशी.
एकतीस वर्षांत अर्धी गुंज.

वितळवारा सुटतो तेव्हा
शेजारच्या ओर्वानचं दार मागच्या भिंतीत जातं,
चमचे चमचेपण विसरतात.
एकदा बाजाराचा दिवस लागोपाठ तीनदा आला
आणि हाल्मूरने तिन्ही दिवशी तीच बकरी विकली.
चौथ्या दिवशी गिऱ्हाइकं तीन, बकरी एक,
आणि हाल्मूर कुठेच नाही.

परवा असाच वारा.
वर्ष सरत आलेलं, उंबऱ्याखालचा खडा
झिजून खसखशीएवढा उरलेला.
चुलीशी कुणीतरी पाठमोरं बसलं होतं.

टार्वेक.
नववा थर खचला त्याला अकरा हिवाळे झाले.
तीच डावीकडे कललेली मान,
बुटाला मी शिवलेलं तेच ठिगळ.
"थंडी आहे," म्हणाला.

मी डबी काढली.
टाळूवर चिमूटभर टाकली असती तर राहिला असता,
उद्या, परवा,
रश्शात मीठ कमी म्हणून कुरकुरत.

झाकण उघडलं. मग विचारलं,
त्या दिवशी तू निघालास, तेव्हा मी काय म्हणाले होते?

वळलाही नाही.
"जपून जा म्हणालीस. लवकर ये म्हणालीस."

आवाज त्याचा होता.
शब्द माझे,
अकरा हिवाळे अंथरुणात पडून रचलेले.

मी म्हणाले होते,
दिव्यात तेल कमी घाल, फुकट येत नाही.

चार दिवस शोधत होते त्यांना खाली.
दिवा पहिल्याच रात्री विझला असेल.

झाकण बराच वेळ हातात तसंच.
तो थरथरत होता, थंडीने नव्हे, कडांनी.
वारा उतरायला लागला होता.
मी त्याला रस्सा वाढला, मीठ नीट घातलं.
अर्धाच जेवला,
मग वाटीसमोर नुसती वाफ.

सकाळी दारात उभी राहिले, तेव्हा होते तिथेच,
एक हात चौकटीला, दुसऱ्यात तेलाची बुधली.
आणि मोठ्यांदा म्हणाले
तेच, तसंच, त्याच तुसड्या आवाजात.
ते हवेत होतं तोवर
अर्धी गुंज, सगळी, त्याच्यावर ओतली.

कालपासून पुन्हा वारा आहे.
ओर्वानचं दार छपरावर गेलंय,
शिडी लावून येतात-जातात बिचारे.
माझ्या उंबऱ्यावर ते वाक्य आहे.
जाता-येता पायाला लागतं.